दोन चंद्र दिलेत, मग अधिक महिना कुठे आहे?

प्रति,
मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या रविवार पुरवणीत सध्या क्रमशः येणाऱ्या अद्भुतकथेत दोन चंद्रांचे राज्य आहे. कथा वाचनीय आहे, भाषा नेटकी आहे, म्हणून तर हे पत्र. गेल्या भागात सव्विसाव्या वर्षी, ऐन थंडीत, नायक मध्यरात्री थोरल्या चंद्राच्या कोवळ्या कोरीच्या उजेडात गड चढतो. कोवळी कोर मध्यरात्री आकाशात नसते. शुद्ध द्वितीया-तृतीयेची कोर सूर्यामागोमाग दीड-दोन तासांत मावळते आणि वद्य चतुर्दशीची पहाटे सूर्याच्या थोडी आधी उगवते. मध्यरात्री कोर दिसायची तर पायाखालची जमीन पारदर्शक हवी. त्याच भागात ‘दर पौर्णिमेला दोन्ही चंद्र पूर्ण होतात’ असेही एक वाक्य आहे. शिवाय चौदा चांद्रमहिन्यांचे वर्ष आहे आणि तरी वसंतोत्सव दरवर्षी वसंतातच येतो.

यातली एकही चूक कल्पनाशक्तीची नाही, सगळ्या वजाबाकीच्या आहेत. बारा-चौदा सुंदर नावे सुचली की कालगणना झाली, असा नव्या लेखकांचा समज दिसतो. नावे शेवटी ठेवली तरी चालतात. आधी तीन आकडे लागतात: दिवस, चंद्राचा फेरा आणि ऋतूंचा फेरा. या तिघांचा एकमेकांना पूर्ण भाग जात नाही, आणि जी बाकी उरते तिचे काय करायचे याच्या उत्तराला कालगणना म्हणतात. आपल्या आकाशात चांद्रमास 29.53 दिवसांचा आणि ऋतूंचे वर्ष 365.2422 दिवसांचे. बारा चांद्रमास 354.37 दिवसांत संपतात, पावणेअकरा-अकरा दिवस उरतात. ते साचत गेले की साधारण 32-33 महिन्यांनी धोंड्याचा महिना येतो. ‘दुष्काळात तेरावा महिना’ ही म्हण याच बाकीतून आली आहे.

कथेतलेच आकडे घेऊन हिशोब मांडून दाखवतो. लेखकाने वर्ष 388 दिवसांचे, थोरला चंद्र 27 दिवसांहून थोडा अधिक आणि धाकटा 12 दिवसांना थोडा कमी असे सांगितले आहे. आम्ही फक्त दशांश भरले: वर्ष 388.3, थोरला 27.4, धाकटा 11.9. (दिवस आपल्यासारखाच 24 तासांचा धरला. तोही बदलायचा असेल तर ते लेखकाने आधीच ठरवावे, मागाहून बदलला की सगळे पुन्हा करावे लागते.)

महिना 27.4 दिवसांचा, पण पंचांगात अर्धा दिवस छापता येत नाही. म्हणून 27, 28, 27, 28, 27 अशी पाच महिन्यांची माळ लावायची. बेरीज 137, आणि 27.4 च्या पाचपटही 137. चौदा महिने झाले की 383.6 दिवस भरतात आणि वर्षाला 4.7 दिवस कमी पडतात. ही बाकी दरवर्षी पुढे ओढायची. ज्या वर्षाअखेर ती 27.4 च्या वर जाईल त्या वर्षी पंधरावा महिना घालायचा आणि 27.4 वजा करायचे. पहिली पाच वर्षे काही होत नाही. सहाव्या वर्षी बाकी 28.2 होते, अधिक महिना पडतो, शिल्लक 0.8. पुढे बाराव्या, अठराव्या, चोविसाव्या, तिसाव्या वर्षी तेच. आणि मग सहा वर्षे न थांबता पस्तिसाव्यालाच, कारण तोवर बाकी 27.5 झालेली असते. उंबरठा फक्त एका दशांशाने ओलांडला जातो.

पस्तीस वर्षांत महिने झाले 496 आणि दिवस 13,590.4. पस्तीस ऋतुवर्षांचे दिवस 13,590.5. चूक 350 वर्षांत एका दिवसाची. आपल्या आकाशात 19 वर्षांत 235 चांद्रमास बसतात, त्यात साधारण 220 वर्षांत एक दिवस चुकतो. लेखकाच्या राज्याला नकळत आपल्याहून सरस चक्र मिळाले आहे आणि त्याचा कथेत कुठे उपयोग नाही, याची हळहळ वाटते. आपल्याकडे अधिकात जावयाला 33 अनारसे देतात. त्या राज्यात दोन अधिक महिन्यांमध्ये सरासरी 82-83 महिन्यांचे अंतर पडते. सासऱ्याने काय करायचे ते लेखकाने ठरवावे.

आता खरी गंमत. समजा राजधानीतला मठ थोरल्या चंद्राचा फेरा 27.4 धरतो आणि बंदरावरचा मठ 27.41. फरक 14 मिनिटे 24 सेकंदांचा. बंदराच्या हिशोबात वर्षाची बाकी 4.56 येते. सहाव्या वर्षाअखेर ती 27.36 होते आणि उंबरठा आहे 27.41. अधिक महिना पडत नाही, सातव्या वर्षी पडतो. पुढेही तेराव्या, एकोणिसाव्या, पंचविसाव्या, एकतिसाव्या वर्षी, म्हणजे दरवेळी राजधानीनंतर एक वर्षाने. शेवटचा तर पस्तिसाव्याऐवजी सदतिसाव्याला. मधल्या त्या वर्षभरात दोन्ही मठांचे सगळे सण महिन्याच्या अंतराने होतात. एका घरची मुलगी दुसऱ्या बाजूला दिलेली असेल तर पहिल्या सणाला माहेरी जायचे कधी, यावरून भांडण ठरलेले. याला राक्षस किंवा शाप लागत नाही. चौदा मिनिटे पुरतात.

हे अतिशयोक्त वाटत असेल तर टिळक पंचांग आठवावे. राशिचक्राचा आरंभबिंदू कुठे मानायचा, यात ते आणि इतर पंचांगे यांच्यात साधारण चार अंशांचा फरक आहे. त्यामुळे संक्रांती पुढेमागे होतात, एखादा अधिक महिना निराळा पडतो, आणि काही वर्षी टिळक पंचांग पाळणाऱ्या घरी गणपती महिनाभर आधी बसतात. विसर्जन होऊन मखर माळ्यावर गेलेले असते आणि शेजारच्या ब्लॉकमध्ये अजून मूर्तीचे बुकिंग चाललेले असते.

कल्पित कालगणनेचा अभ्यास करायला मुंबईइतके सोयीचे शहर नाही. उरलेल्या बाकीचे काय करायचे याची तिन्ही उत्तरे इथे एकाच वस्तीत नांदतात. पहिले आपले: चंद्र सांभाळा, ऋतूही सांभाळा, महिना वाढवा. दुसरे हिजरीचे: बारा चांद्रमास झाले की वर्ष संपले, ऋतू गेले तर जाऊ द्या. रमजान दरवर्षी दहा-अकरा दिवस आधी येतो आणि साधारण 33 वर्षांत सगळे ऋतू फिरतो. कथेतल्या राज्यात कोणी असे केले तर सण वर्षाला 4.7 दिवस सरकेल आणि फेरी पुरी व्हायला सुमारे 83 वर्षे लागतील, म्हणजे माणसाच्या एका जन्मात एकदाच. हिजरीतही दोन रीती आहेत. मोहम्मद अली रोडवर चंद्र दिसला का याची वाट पाहिली जाते, तर बोहरा समाजाचे पंचांग 30 वर्षांत 11 जादा दिवस घालून आधीच मोजून ठेवलेले असते. म्हणून दोघांची ईद एक-दोन दिवस पुढेमागे होते.

तिसरे उत्तर पारशांचे, आणि अद्भुतकथेसाठी आम्हाला तेच सर्वांत मोलाचे वाटते. तीस दिवसांचे बारा महिने आणि शेवटी गाथांचे पाच दिवस, एकूण 365. आठवड्याचे वार नाहीत, महिन्यातल्या तीसही दिवसांना स्वतंत्र नाव. लीप वर्ष नाही, त्यामुळे दर चार वर्षांनी नवरोज एक दिवस आधी सरकतो. शहेनशाही नवरोज 2020 ते 2023 या वर्षांत 16 ऑगस्टला होता, 2024 मध्ये 15 ला आला. कदमी पंथाचा नवरोज याच्या बरोबर 30 दिवस आधी. जुन्या काळी भारतात आलेल्यांनी एकदा एक महिना वाढवला, इराणात राहिलेल्यांनी वाढवला नाही, आणि अठराव्या शतकात हा फरक लक्षात आल्यावर सुरतेत दोन तट पडले. फसली मंडळी लीप दिवस धरतात आणि 21 मार्च सोडत नाहीत. एवढासा समाज, तीन नववर्षे. (जाता जाता: पतेती हा वर्षाचा शेवटचा दिवस, आत्मपरीक्षणाचा. त्या दिवशी ‘पतेती मुबारक’ म्हणणाऱ्या आपल्यासारख्या शेजाऱ्यांना पारशी लोक हसून सोडून देतात.)

धाकट्या चंद्राकडे वळतो. दोन्ही चंद्र दर वेळी एकदम पूर्ण व्हायचे तर दोघांचा फेरा सारखा हवा, आणि फेरा सारखा म्हणजे दोघे ग्रहापासून सारख्याच अंतरावर. मग ते दोन चंद्र वेगळे कशाला? 27.4 आणि 11.9 मध्ये खरा मेळ असा बसतो: थोरल्याचे 10 फेरे 274 दिवसांत, धाकट्याचे 23 फेरे 273.7 दिवसांत. म्हणजे जुळी पौर्णिमा 274 दिवसांनी, आणि दर खेपेला 0.3 दिवसाची फट वाढत जाणारी. तीन-चार वेळा हा मेळ अर्ध्या दिवसाच्या आत राहतो, मग डोळ्यालाही कळेल इतका बिनसतो आणि शेवटच्या मेळानंतर साधारण तेरा महिन्यांनी नवी मालिका सुरू होते.

हे 274 दिवस कुठेतरी ऐकल्यासारखे वाटतील. आपले नऊ महिने नऊ दिवस म्हणजे नऊ चांद्रमास आणि नऊ दिवस धरले तर 275 च्या आत-बाहेर दिवस होतात. त्या राज्यात थोरल्या चंद्राचे बरोबर दहा महिने. म्हणजे तिथे ‘नऊ महिने पोटात वाढवले’ असे आई म्हणू शकत नाही, ‘दहा’ म्हणेल. आणि जुळ्या पौर्णिमेला राहिलेला गर्भ पुढच्या जुळ्या पौर्णिमेच्या आसपास जन्माला येईल. एवढ्यावर तिथल्या सुईणींच्या पाच पिढ्यांची गाणी निघतील. असे तपशील बसून सुचत नाहीत, भागाकार केल्यावर हाती येतात.

वयाचेही पाहावे. 388.3 दिवसांच्या वर्षात वीस वर्षांचा तरुण आपल्या हिशोबाने सव्वाएकवीसचा आणि साठीचा माणूस जवळजवळ चौसष्टचा. फरक फार नाही, पण वर्ष 600 दिवसांचे केले आणि नायिका सोळाची ठेवली तर ती आपल्याकडची सव्वीस वर्षांची बाई होते.

चंद्र रोज किती उशिरा उगवतो हे तर ताटातच ठेवलेले आहे. आपला चंद्र रोज सरासरी 50 मिनिटे उशीर करतो. संकष्टीला गॅलरीत ताम्हन घेऊन उभ्या असलेल्या बाईला हे पुस्तकात वाचावे लागत नाही. थोरला चंद्र रोज साडेचौपन्न मिनिटे उशीर करील, धाकटा 2 तास 12 मिनिटे. धाकटा आज संध्याकाळी माथ्यावर असेल तर चार रात्रींनी त्याच वेळी तो पूर्वेच्याही खाली असेल. भरती-ओहोटीचे जुने गणित, म्हणजे तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ, हे एका चंद्रावर उभे आहे. दोन चंद्रांच्या बंदरात ते चालणार नाही. भरतीची ओढ चंद्राच्या वस्तुमानाच्या पटीत वाढते आणि अंतराच्या घनाच्या पटीत घटते. त्यामुळे धाकटा हलका असला तरी जवळ असल्याने थोरल्याला भारी पडू शकतो. उधाण (मोठी भरती) आणि भांग (लहान भरती) हे दोन शब्द आपल्या कोळ्यांना पुरतात. तिथल्या कोळ्यांना निदान चार लागतील: दोन्ही चंद्र एका रेषेत, दोन्ही काटकोनात, नुसता थोरला सूर्याच्या रेषेत, नुसता धाकटा.

दिवस कधी सुरू होतो हेही कथेत कुठे आलेले नाही. आपल्याकडे वार सूर्योदयाला बदलतो, हिजरी तारीख सूर्यास्ताला, इंग्रजी मध्यरात्री. शायिस्तेखानावरचा लाल महालातला छापा शके 1585, चैत्र शुद्ध अष्टमीच्या रात्री पडला. तिथी सांगितली की उजेड किती होता ते कळते: अष्टमीचा चंद्र मध्यरात्रीच्या सुमारास मावळतो, पुढे अंधार. आणि छापा मध्यरात्रीनंतर पडला असेल तर इंग्रजी तारीख बदललेली, वार मात्र अजून तोच. कथेतल्या दोन हेरांनी ‘उद्या रात्री’ असे ठरवले आणि एकाचा दिवस सूर्यास्ताला बदलत असला तर तो एक रात्र आधीच जाऊन पोहोचेल.

राज्य पूर्व-पश्चिम पसरलेले असेल तर आणखी एक पेच. रेखांशाच्या एका अंशाला चार मिनिटे. नागपूरचा सूर्योदय मुंबईच्या साधारण 25 मिनिटे आधी. दिवसाची तिथी सूर्योदयाला असेल ती. नागपुरात सहा वाजून पाच मिनिटांनी सूर्य उगवला, मुंबईत साडेसहाला, आणि तिथी सहा वीसला संपली, तर एकाच दिवशी नागपुरात एक तिथी आणि मुंबईत दुसरी. घोड्यावरून फर्मान धाडणाऱ्या राज्यात यावरून किल्लेदाराची मान उडू शकते.

क्षयमास, म्हणजे महिनाच गळणे, नवख्याने सोडून द्यावा. आपल्याकडे तो 1963-64 आणि 1982-83 मध्ये आला होता. सूर्याची गती वर्षभर सारखी नसते म्हणून तो येतो, आणि सरासरी आकड्यांनी केलेल्या वरच्या हिशोबात तो निघणारच नाही.

प्रत्यक्ष काम कसे करावे? महिने-वर्षे विसरून अहर्गण धरावा, म्हणजे ठरवलेल्या पहिल्या दिवसापासून आजवर उलटलेल्या दिवसांची सलग मोजणी. कथेतल्या प्रत्येक प्रसंगाला आधी अहर्गण द्यावा, बाकी सगळे त्यातून काढावे. एक्सेलमधले बाकी काढणारे ‘मॉड’ सूत्र पुरते. आकडे मात्र दहापट करून पूर्णांकात घालावेत: वर्ष 3883, थोरला 274, धाकटा 119. दशांश ठेवले की संगणक शेवटच्या घरात किंचित गडबड करतो, आणि पस्तिसाव्या वर्षी आपला उंबरठा एका दशांशाचाच आहे. आर्यभटानेही 43,20,000 वर्षांत 1,57,79,17,500 दिवस असे पूर्णांकच दिले होते. वारही अहर्गणातूनच काढावा आणि तो कधी तोडू नये. 1582 मध्ये युरोपात 4 ऑक्टोबरनंतर एकदम 15 ऑक्टोबर आला, तरी गुरुवारनंतर शुक्रवारच होता. फ्रान्सच्या क्रांतिकारकांनी आठवडा दहा दिवसांचा केला, सुट्टी सातव्याऐवजी दहाव्या दिवशी गेली, आणि 1806 च्या पहिल्या तारखेला ते कॅलेंडर गुंडाळावे लागले.

तर गडाची चढाई. वर्ष वसंतसंपातापासून (वसंतात दिवस-रात्र सारखे होतात त्या दिवसापासून) आणि दोन्ही चंद्र अमावास्येला असताना मोजणी सुरू झाली असे धरू. आठवडा कथेत सहा दिवसांचा आहे. अहर्गण 10,000 घेतला तर पंचवीस वर्षे होऊन 292 दिवस उलटलेले असतात, म्हणजे सव्विसावे वर्ष आणि भर हिवाळा. इथवर लेखकाचे बरोबर. थोरल्याचे वय 26.4 दिवस: तो सूर्योदयाच्या जेमतेम पाऊण-एक तास आधी उगवेल. धाकट्याचे वय 4 दिवस: रात्री आठच्या सुमारास माथ्यावर, दोनच्या सुमारास अस्त. गड चढायला दोनपर्यंत अर्ध्याहून अधिक भरलेला धाकटा चंद्र आणि पुढे पहाटेपर्यंत मिट्ट काळोख. छाप्याला याहून चांगली रात्र मिळायची नाही, फक्त त्या वाक्यातला चंद्र बदलायला हवा. थोरलाच हवा असेल तर अहर्गण 10,015 घ्यावा: तो नुकताच पूर्ण होऊन गेलेला, सूर्यास्ताच्या आसपास उगवणारा, आणि धाकटा सव्वाआठला वर येऊन त्याला सामील होणारा. पण त्या रात्री पहारेकऱ्यालाही तटावरून खालची वाट स्वच्छ दिसेल, आणि सहाने भागल्यावर बाकी एक उरते, म्हणजे आठवड्याचा पहिला वार. कथेत त्या वारी गडाखाली बाजार भरतो, असे तिसऱ्या भागात आले आहे.

कळावे,
कालगणनेचे काही अभ्यासक
गिरगाव, मुंबई